दिगूची वाकडी खिडकी

दिगू,

तू गेल्यावर तिसऱ्याच दिवशी मंडळाच्या सेक्रेटरींचा फोन आला. "शेखरभाऊ, स्मरणिकेसाठी दिगंबररावांवर एक पान लिहून द्या. जन्म, शिक्षण, इथे कधी आले, स्वभाव मनमिळाऊ, एवढं आलं की झालं." मी हो म्हटलं, फोन ठेवला आणि लक्षात आलं की तुझं जन्मगाव मला धड ठाऊक नाही. आणि मनमिळाऊ? तू? अर्ध्या शारजाशी तुझं कधी ना कधी वाजलेलं होतं, उरलेल्या अर्ध्याला तू अजून भेटला नव्हतास. तर ते पान दुसरं कुणीतरी लिहील. हे मी तुला लिहितोय.

पहिली तक्रार. शोकसभेत मी बोलायला उभा राहिलो आणि म्हटलं, "दिगूला ओळखणारी दहा हजार माणसं या गावात आहेत." म्हटलं आणि थांबलो. सवयीनं थांबलो. इथं तुझं खाकरणं यायचं आणि मागून तो सुकलेला आवाज, "शेखर, एक शून्य कमी कर." लोकांना वाटलं माझा कंठ दाटून आला. पुढच्या रांगेतून रुमाल आले, पाण्याची बाटली आली. अरे, मी रडत नव्हतो, मी तुझी वाट बघत होतो. शून्य कुणी कमी केलं नाही. दहा हजार तसेच हॉलमध्ये लटकत राहिले आणि मी खाली बसलो.

दुसरी तक्रार अशी की तू इंग्लंडातलं ते गाव न बघताच गेलास. खरं तर या दुसरीबद्दलच लिहायचंय. पण मी सरळ मुद्द्यावर येणारा माणूस असतो तर तुझी-माझी गाठच पडली नसती.

दुबईत देरातली आपली खोली आठवते? मासळीबाजारामागची, सहा जणांची. ऑगस्टात तिथल्या गार पाण्याच्या नळाखाली आम्ही अंडी उकडून खायचो, असं मी लग्नानंतर नंदाला वर्षभर सांगत होतो आणि ती बिचारी विश्वास ठेवून माहेरी कळवत होती. तू पहिल्यांदा घरी जेवायला आलास, पानावर बसलास आणि पहिला घास घ्यायच्या आधी म्हणालास, "वहिनी, अंडी उकडत नाहीत. कोमट होतात." माझा संसार तिथंच मोडायचा. ती आजही मी काही सांगितलं की म्हणते, "दिगूभाऊजींना विचारून घेते हं."

मी शारजात सुतारकामाचं वर्कशॉप काढलं होतं, दारं, खिडक्या, किचनची कपाटं. तू खाडीकाठच्या एका इंग्रज आर्किटेक्टच्या ऑफिसात ड्राफ्ट्समन. हॉवर्डसाहेब. मी त्यांची उंची सात फूट सांगतो. तू सहा फूट तीन म्हणायचास, आता मला अडवायला तू नाहीस, तर सात फूट.

त्र्याण्णव-चौऱ्याण्णवचा सुमार असेल. साहेबांच्या टेबलावर इंग्लंडहून एक जाडजूड पाकीट आलं. फोटो आणि मापं. कुठलंसं खेडं. त्याचं नाव तू मला शंभर वेळा सांगितलंस, पण त्यातली निम्मी अक्षरं बोलायचीच नसतात, त्यामुळे मला ते कधी जमलं नाही. गावातल्या एका गल्लीत ओळीनं जुनी कॉटेजेस, तीनशे-चारशे वर्षांची. लाकडाचा सांगाडा, मधल्या जागेत माती आणि चुना, वर गवताचं जाड छप्पर, ते खिडक्यांवर इतकं खाली उतरलेलं की घरं कपाळावर टोपी ओढून पेंगतायत असं वाटावं. सरकारनं ती सगळी घरं संरक्षित केलेली. गावातल्या लोकांनी ठरवलं की प्रत्येक घराचा नीट नकाशा करून ठेवायचा, म्हणजे उद्या काही पडलं-झडलं तर होतं तसंच उभं करता येईल. साहेबांची थोरली बहीण, मिस हॉवर्ड, त्यातल्याच एका घरात एकटी राहायची. म्हणून साहेबांनी ते काम अंगावर घेतलं, म्हणजे तुझ्या अंगावर टाकलं.

शुक्रवारी तुझ्याकडे जेवताना तू मला ते कायदे सांगितलेस. माझा विश्वासच बसेना.

"म्हणजे स्वतःच्या घराला रंग द्यायचा तरी विचारायचं?"

"विचारायचं."

"खिडकी मोठी करायची असली तर?"

"करायचीच नाही."

"छप्पर गळलं तर पत्रे?"

"गवतच."

"अरे, निदान मागच्या बाजूला एखादी ॲल्युमिनियमची स्लायडिंग?"

तू पापलेटचा काटा काढता काढता थांबलास. "शेखर, तुला आत टाकतील."

"मग ते घर कुणाचं म्हणायचं रे? ज्यानं पैसे मोजले त्याचं नाही?"

"आधी राहून गेले त्यांचं आणि पुढे राहायला येतील त्यांचं," तू म्हणालास. "मधला माणूस नुसता राहतो."

शैलावहिनी म्हणाल्या, "हे गेला आठवडाभर असंच बोलतायत. काल मी पडदे बदलले तर म्हणाले, मूळचे कुठे गेले?"

मी किती हसलो. इथं बिल्डिंगला दहा वर्षं झाली की मालकाला तिचं तोंड बघवत नाही. पाडतो, नवी बांधतो. त्यावर तर आपण दोघं जेवत होतो. तू नव्या बिल्डिंगचे नकाशे काढायचास आणि मी तिची दारं करायचो.

आता तुझी ती चूक. तू असतास तर हे लिहू दिलं नसतंस, म्हणजे लिहू दिलं असतंस पण मापं तपासून.

तिकडे गावातल्या एका निवृत्त मास्तरांनी टेप धरून घराघरांची मापं घेतली होती. ती बघून तू कपाळाला हात लावलास. खिडकीची डावी बाजू उंच, उजवी बुटकी. खोलीची अलीकडची भिंत लांब, पलीकडची आखूड. आता साइटवरून आलेलं माप चुकीचंच असतं, हे गल्फमधल्या कुठल्याही ड्राफ्ट्समनला विचारा. टेपचं एक टोक धरणारा माणूस नेहमी दुसऱ्या कुणा हबीबीशी गप्पा मारत असतो. माप आलं की ते ऑफिसात बसून सुधारून घ्यायचं, ही इथली रीत. तू रीतीप्रमाणे सुधारलंस. डाव्या-उजव्याची सरासरी काढलीस. कोपरे काटकोनात आणलेस, भिंती ओळंब्यात उभ्या केल्यास, छपराचं पोक सरळ केलंस. चारशे वर्षं निवांत कलंडलेली घरं तू महिन्याभरात सावधान उभी केलीस.

मी नकाशे बघून म्हटलं, "वा! अगदी कारखान्याचे नवे स्टाफ क्वार्टर्स." तू खूष झालास. आपण दोघंही मनापासून बोलत होतो.

तोवर तिकडे मिस हॉवर्डच्या माडीवरची खिडकी कुजून गेली होती. गावच्या सुतारानं तुझ्या नकाशावरून नवी केली, ओकच्या लाकडाची, जुन्या पद्धतीचे सांधे, चिमुकली तावदानं. जुनी काढली आणि नवी लावायला गेला, तर ती बसेना. एका कोपऱ्यात फट, दुसऱ्या कोपऱ्यात भिंत आडवी. भिंत तासायची तर बेकायदा. दुसरी कसली खिडकी ठोकून द्यायची तर तीही बेकायदा. म्हातारीनं भोकाला प्लास्टिक लावलं आणि थंडी सुरू झाली.

साहेब रागावले असते तर बरं झालं असतं. ते फक्त फोटो तुझ्या टेबलावर ठेवून म्हणाले की दिगंबर, या घरांत एकही रेघ सरळ नाही, आम्ही जपतोय ते हेच.

त्या शुक्रवारी वहिनींनी सुरमई तळली होती आणि तू नुसता भात चिवडत होतास.

"सत्तरीची बाई आहे ती," तू म्हणालास. "माझ्या रेघेमुळे प्लास्टिक लावून बसलीय."

"अरे, त्या लोकांना थंडीची सवय असते. बर्फात पोहतात ते."

"शेखर, गप्प बस."

तुझी मुग्धा तेव्हा एवढीशी होती. ती म्हणाली, "बाबा, जस्ट से सॉरी."

"सॉरीनं फट बुजत नाही गं."

मग तू फोन सुरू केलेस. साहेबांच्या परवानगीनं, ऑफिसातून. चार बाजू मोजून चौकटीचा आकार कळत नाही, कोपऱ्यातून कोपऱ्यात तिरकंही मोजावं लागतं, तेव्हा ती कुठं झुकलीय ते समजतं. मास्तरांनी तिरकं मोजलंच नव्हतं आणि तू मागितलं नव्हतंस. आता तू त्या म्हातारीला फोनवरून तिरकं मोजायला शिकवलंस. ती स्टुलावर चढायची आणि इकडे देरात तू उभा राहून ओरडायचास, "मॅडम, होल्ड समथिंग! मॅडम, नॉट द प्लास्टिक!" ऑफिसबॉयपासून साहेबांपर्यंत सगळे कामं टाकून ऐकायचे. मी एकदा बिल मागायला आलो होतो, मीही ऐकत बसलो आणि बिल मागायचं विसरलो. मी! यावरून समज.

हळूहळू मापं कमी झाली आणि गप्पा वाढल्या. शेजारचं घर पूर्वी लोहाराचं होतं, त्याच्या दाराला अजून नालाची खूण आहे. कोपऱ्यातलं बेकरीवाल्याचं, त्याची एक भिंत भट्टीच्या उष्णतेनं फुगलीय. तिच्या माडीची जमीन इतकी उतरती की पलंगाच्या दोन पायांखाली लाकडं घातलीत, नाहीतर माणूस सकाळी जिन्यात उठेल. तू हे सगळं सासुरवाडीच्या बातम्या सांगाव्या तसं आम्हाला सांगायचास. वहिनी म्हणायच्या, "माझ्या माहेरची घरं कुठली ते विचारा एकदा. सांगता येणार नाही."

नवा नकाशा झाला, पण तुझा आता कागदावर भरवसा राहिला नव्हता. तू माझ्या वर्कशॉपवर आलास.

"प्लायवुडचा पूर्ण मापाचा फर्मा करून दे. खिडकीच्या चौकटीचा."

"वाकडा?"

"आहे तसा."

"दिगू, बाहेर माझ्या नावाचा बोर्ड आहे. त्या बोर्डाखालून वाकडी चौकट बाहेर गेली तर उद्या अजमानपर्यंत बोंब होईल."

"मग बोर्ड झाक."

कारागिरांना सांगायची लाज वाटली म्हणून मी स्वतः केला. आमच्या फोरमन युसूफभाईंनी दुपारी तो भिंतीला टेकलेला पाहिला. पेशावरचा माणूस, आयुष्यात काटकोनाचा गुण्या लावल्याशिवाय जेवायचं ताटही ठेवलं नसेल. मला बाजूला घेऊन म्हणाले, "साब, जिसने ये बनाया उसका नाम बताओ. आज ही खलास."

"मैंने बनाया," मी म्हटलं.

युसूफभाईंनी फर्म्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. मग आवाज खाली आणून, "साब, घर में सब ठीक है ना?"

तू टेप लावून दोन्ही कर्ण तपासलेस. मग फर्मा उभा धरलास आणि त्यातून पलीकडे बघत राहिलास. पलीकडे काय होतं? माझं आवार, पाण्याचा टँकर, सिमेंटची रिकामी पोती. पण तू टँकर बघत नव्हतास हे मला कळत होतं. मी दोनदा हाक मारली, तुला ऐकू गेली नाही.

नाताळच्या सुट्टीला साहेब तो फर्मा विमानातून घेऊन गेले. तिकडच्या सुतारानं त्यावरून खिडकी केली. एक दिवस ऑफिसात फोन आला आणि म्हातारी एवढंच म्हणाली, "बसली." तू त्या दिवशी सबंध मजल्याला मिठाई वाटलीस. मग वर्षभर बसून उरलेली सगळी घरं पुन्हा काढलीस, तिरक्या मापांसकट, एकेक पोक जागच्या जागी.

तिनं तुला बोलावलं. ये, तुझी खिडकी बघायला ये. त्या दिवसापासून तुला एकच हवं होतं, एकदा त्या गल्लीत उभं राहायचं. तू स्वतःसाठी मागितलेली दुसरी कुठली गोष्ट मला आठवत नाही, आणि मी खूप आठवून बघितलं.

पहिल्या वर्षी तुझ्या आईचं ऑपरेशन निघालं. मग पुण्याच्या फ्लॅटचे हप्ते. मग साहेब ऑफिस गुंडाळून गेले आणि नव्या ठिकाणी तुला त्या वयात कॉम्प्युटर शिकावा लागला. सुट्टी मिळाली की इंडिया, दुसरीकडे जायचं म्हणजे नातेवाइकांची बोलणी. एका वर्षी तर तू व्हिसाची चौकशीही करून आलास. वहिनींनी तिकिटाचे दिरहॅम ऐकले, मनातल्या मनात त्यांचे रुपये केले आणि हसून म्हणाल्या, "जा ना. जाऊन या." त्या हसण्यानंच तू थांबलास. "पुढच्या वर्षी, इन्शाल्ला." मी तुला किती छळलं त्यावरून. "दिगू, घरं चारशे वर्षं थांबलीत, पण तू नाही हं थांबणार तेवढा." आता हे वाक्य मला गिळता येत नाही.

आणि मग तो गणपतीचा दिवस. आरती झालेली, हॉलमध्ये आपण खुर्च्या ओढून बसलेलो. नुकतंच लंडनहून फिरून आलेलं एक जोडपं होतं. तो मुलगा तुला म्हणाला, "काका, तुमचं युरोप झालं की नाही? बारा वर्षं दुबईत काढून नुसतं पुणे-दुबई?" वाईट नव्हता पोरगा, सहज बोलला. तू नुसता हातातल्या प्रसादाकडे बघत राहिलास. ते मला सोसेना.

"झालं की नाही?" मी म्हटलं. "अरे, आम्ही दोघं जाऊन आलोय! लंडनबिंडन नाही, गावात! दिगूला तिथं निमंत्रण होतं."

मग काय, सुटलोच. मिस हॉवर्ड स्वतः घोडागाडी घेऊन आम्हाला न्यायला आली. गावाच्या अलीकडे मेंढ्या आडव्या आल्या. चार हजार मेंढ्या! तीन तास रस्ता बंद. मेंढपाळानं आम्हाला तिथंच खाली बसवून चहा पाजला. वेशीवर मास्तर टेप गळ्यात घालून उभे. दिगूला बघून म्हणाले, सर, माफ करा, तिरकं मोजायचं राहिलं.

इथं मी थांबलो. खाकरणं यायलाच हवं होतं. माझ्या सबंध कारकिर्दीतली ही सर्वांत मोठी थाप, हिच्यात खरा असा एक शब्द नव्हता. तू खोबऱ्याचा तुकडा चघळत होतास. सावकाश गिळलास. म्हणालास,

"शेखर, मेंढ्या एवढ्या नव्हत्या."

फक्त मेंढ्या! तू फक्त मेंढ्या कमी केल्यास! मी तुझ्याकडे बघितलं, तू माझ्याकडे बघितलं नाहीस. आणि वर त्या मुलाला सांगायला लागलास, "तिच्या घरी जिन्याची तिसरी पायरी बाकीच्यांपेक्षा बुटकी आहे. तिथं पाय चुकतो. जपून चढावं लागतं." त्या पायरीमुळे सगळा हॉल पटला. माझ्या घोडागाडीवर कुणी विश्वास ठेवला नसता, पण तुझ्या पायरीवर ठेवला. दिगंबर काळे खोटं बोलत नाहीत, हे सगळ्यांना ठाऊक.

पुढे दर वर्षी कुणी ना कुणी म्हणायचंच, "शेखरभाऊ, ते इंग्लंडचं सांगा." मी आभाळ आणि मेंढ्या पुरवायचो, तू उंबरे आणि पायऱ्या. कुठल्या घराच्या दारात वाकावं लागतं, कुठल्या खिडकीतून चर्च दिसतं. तुझं एकही माप कधी बदललं नाही. मंडळातलं कुणी हे वाचणार असेल तर वाचू दे. मला विचारलंच तर सांगेन की हे पत्र थाप आहे आणि गावाला गेलो होतो ते खरं.

एक भांडण मात्र तू अर्धं टाकून गेलास. रास अल खैमाचं. तिथल्या एका गृहस्थाला वडिलांचं समुद्रकाठचं जुनं घर पाडून बंगला बांधायचा होता. दारं-कपाटांचं काम मला मिळालं होतं. मी तुला पिकअपमध्ये घालून नेलं, म्हटलं यल्ला, समुद्राची हवा खाऊन येऊ. तू ते घर बघितलंस, प्रवाळाच्या दगडांच्या भिंती, सगळ्या एका बाजूला कललेल्या, आणि खिशातून टेप काढलास. मी विचारलं, काय मोजतोस? म्हणालास, सगळं. उन्हात मी दुसरं टोक धरून उभा. तिरकी मापंसुद्धा!

परतताना तू म्हणालास, "हे काम घेऊ नकोस."

"मी नाही घेतलं तर दुसरा घेईल."

"घेऊ दे दुसऱ्याला."

"दिगू, आपण इथं भाड्यानं राहणारी माणसं. त्यांचं घर, ते पाडतील नाहीतर जपतील. आपल्या बापाचं काय जातं?"

"भाड्यानं राहणाऱ्यालाच कळतं," तू म्हणालास. "त्याच्याजवळ बघण्यापलीकडे दुसरं काही नसतं."

मी काम घेतलं. तू कितीतरी शुक्रवार आला नाहीस. मग एकदा आलास, जेवलास, विषय निघाला नाही. माझं मत अजून तेच आहे. बरोबर मीच होतो, पोरांच्या फिया मतांवर भरत नाहीत. फक्त समोरून उत्तर येत नाही, त्यामुळे जिंकल्यासारखं वाटत नाही.

आणि एक तुला सांगायचं राहिलं. त्या घराचा नकाशा तू पूर्ण करून मालकाला नेऊन दिलास, हे तू मला कधी बोलला नाहीस. मी तिथं नव्या बंगल्यात कपाटं बसवत होतो तेव्हा बघितला. मजलिसच्या, म्हणजे बैठकीच्या, भिंतीवर, काचेच्या फ्रेममध्ये. एकही रेघ सरळ नाही. मालक त्याच्यासमोर आपल्या मुलाला उभं करून सांगत होता, इथं तुझे आजोबा झोपायचे. मी हातातला ड्रिल बंद करून ऐकत राहिलो. संध्याकाळी तुला फोन करणार होतो. मग वाटलं, तू जिंकलास असं कबूल केल्यासारखं होईल. नाही केला.

आता परवाचं सांगतो. तुझ्या घरी गेलो होतो. मुग्धाची सप्टेंबरची ॲडमिशन झालीय, तुला ठाऊकच आहे, इंग्लंडला, फिजिओथेरपीला. ती सोफ्यावर नकाशा पसरून बसली होती आणि म्हणाली, "शेखरकाका, आय वॉन्ट टू गो टू दॅट व्हिलेज. मिस हॉवर्ड इज स्टिल देअर, राइट?"

म्हातारी आहे अजून, ऐंशीला टेकलेली, खणखणीत. ही पोर तिच्या दारात जाऊन म्हणणार, माझे बाबा इथं आले होते. आणि ती म्हणणार, नाही गं, तो कधीच आला नाही. परदेशात, एकटीला, बाप जाऊन दोन महिनेही झालेले नाहीत आणि असं ऐकायचं. मी घाईघाईनं म्हटलं, "कशाला जातेस बाळ? तिथं आता काही नाही. धरण झालं. सगळं गाव पाण्याखाली गेलं."

ती माझ्याकडे बघत राहिली. डिट्टो तू. "काका, इट्स अ प्रोटेक्टेड व्हिलेज."

मी घाम पुसला.

"आय नो ही नेव्हर वेंट," ती म्हणाली.

मी नुसती मान हलवली, एकही मेंढी न जोडता. मी! ऐकतोयस ना?

"आय आस्क्ड हिम. इन द कार, गणपतीवरून येताना. आय वॉज, लाइक, टेन. ही सेड, नो, आम्ही गेलो नव्हतो. सो आय सेड, देन काका इज लाइंग, व्हाय डोन्ट यू टेल एव्हरीवन? अँड ही सेड..." ती अडली. तू मराठीत म्हणाला होतास आणि तिला ते इंग्रजीत सांगायचं नव्हतं. शब्द जुळवत, अडखळत म्हणाली, "'शेखर सांगायला लागला की मी तिथं असतो. तू मधे बोलू नकोस.'"

म्हणजे दुरुस्ती तू केलीसच. केल्याशिवाय तू राहणार थोडाच! फक्त घरी नेऊन केलीस, लेकीपुरती, आणि मला माझी थाप अख्खी ठेवू दिलीस. एवढी वर्षं मला वाटत होतं की मी तुला झाकतोय.

मग ती म्हणाली, "सांग ना, काका. प्रॉपर्ली. मी तिथं जाऊन बघणार आहे."

शैलावहिनी कधी स्वयंपाकघरातून येऊन दारात उभ्या राहिल्या होत्या, मला कळलं नाही. हाताला कणीक तशीच. तू गेल्यापासून त्या आमच्यात बसल्या नव्हत्या, कुणी आलं की चहा ठेवायच्या आणि आतच राहायच्या. त्या येऊन मुग्धाच्या शेजारी बसल्या. म्हणाल्या, "पहिल्यापासून सांगा, भाऊजी."

मी सांगितलं. विमानात बसलो तिथपासून. तू खिडकीची जागा मागून घेतलीस, मग गल्लीच्या तोंडाशी उतरलास आणि बराच वेळ पुढेच येईनास. लोहाराचं घर आलं, बेकरीवाल्याचं आलं. फुगलेल्या भिंतीला तू हात लावून बघितलास. म्हातारी दारात उभी होती, तिनं तुला आधी ओळखलंच नाही, मग तू बोललास आणि आवाजावरून ओळखलं. तुला वर माडीवर नेलं. तू तुझ्या खिडकीपाशी गेलास आणि तिच्यातून पलीकडे बघत राहिलास. मी माझ्या मापानं सांगत गेलो, कुणी अडवलं नाही.

वहिनी एकदाच मधे बोलल्या. पदरानं डोळे न पुसता, अगदी सहज, तू आताच प्रवासाहून परतला असावास तसं विचारलं, "तिथं थंडी असेल ना हो? ह्यांनी स्वेटर घातला होता का?"

"घातला होता, वहिनी," मी म्हटलं. "नको नको म्हणत होता. मीच घालायला लावला."